अकरा वाजताचं व्हायोलिन

९ जून

व्हायोलिन आज घरी आलं. पट्टांबीला एक ऑर्केस्ट्रा मोडला, त्यांच्याकडचं जुनं घेतलं. विकणारा फार हसतमुख होता, म्हणून पेटी तीनदा उघडून तपासली. चौतीस वर्षं ओट्टप्पालम डेपोत कंडक्टर होतो. हसून बोलणारा आणि झोपेचं सोंग घेणारा, या दोघांना तिकीट आधी विचारायचं, हा माझा नियम.

निवृत्त होऊन दोन महिने झाले. दहा ते साडेबारा वाचनालयात पेपर वाचतो, पुढच्या वेळाचं काय करायचं कळत नाही. मन्नारक्काडला गाडी थांबली की चहाच्या टपरीत एक जुनं सिनेगाणं लागलेलं असायचं. नदीकाठी दिवा घेऊन होडीची वाट बघणाऱ्या बाईचं. ते एवढं एक गाणं माझ्या हातून निघावं, बाकी काही नको.

थंकमणी चिडेल असं धरून चाललो होतो. ती खोबरं खवत होती. हात थांबला.

"किती तारा आहेत?" तिनं विचारलं.

"चार."

"चारच असतात," म्हणाली आणि पुन्हा खवायला लागली. नंतर उठून तिनं पदरानं पेटीवरची धूळ पुसली, कोपरेसुद्धा. किंमत विचारली नाही. तेहेतीस वर्षांच्या संसारात मी काही विकत आणलं आणि तिनं किंमत विचारली नाही असं झालेलं नाही. पाणी कुठंतरी मुरतंय.

१४ जून

गुरू मिळाले. अप्पुक्कुट्टन माष, म्हणजे मास्तर. वय पंचाहत्तर, पुलाजवळच्या घरात ओसरीवर खाटेवर बसून शिकवतात. म्हणाले, "खाली बस. मांडी घाल. व्हायोलिनचं डोकं उजव्या पावलावर टेकव."

"माझे गुडघे सरकारनं वापरून घेतले माष. मांडी होत नाही."

"मग उभा राहा आणि हनुवटीखाली धर, सिनेमावाल्यांसारखं. पण गाणं लगेच मिळायचं नाही. आधी सहा महिने सरळी, नुसतं स रि ग म घोटायचं."

"सहा महिन्यांत मी मेलो तर?"

"तर सरळी म्हणत मरशील. पुण्य लागेल."

शेवटी ठरलं की अर्धा वेळ सरळी, अर्धा वेळ गाणं. मग त्यांनी घरी कोण असतं विचारलं. म्हटलं, बायको. थंकमणी. लक्किडीची. माषांनी तपकिरीची डबी उघडली, बंद केली, पुन्हा उघडली, आणि तपकीर न ओढताच खाली ठेवली. "फी राहू दे तुझी," म्हणाले.

आपणहून भाडं सोडणारा माणूस मी आजवर पाहिलेला नाही. यांच्यावर नजर ठेवली पाहिजे.

२ जुलै

आवाज निघतो, पण तो मला तरी ओळखीचा वाटत नाही. कुंपणापलीकडे बीपात्तुम्मा आहे. कोंबड्या पाळते, अंडी विकते, सत्तरीची झाली तरी कान शाबूत. आज म्हणाली, "कंडक्टरा, गाडीचा ब्रेक घरी आणलास की काय?"

थंकमणी मात्र स्वयंपाकघरातून म्हणते, "छान चाललंय एट्टा. सोडू नका हं." हिनं माझी स्तुती केली ती अशी पहिल्यांदाच. लग्नाच्या फोटोतला माझा चेहरासुद्धा तिला आवडत नाही.

आणखी एक. वाजवून झालं की गज सैल करून ठेवायचा असतो. मी रोज विसरतो, माष रोज बोलतात. पण दुसऱ्या दिवशी पेटी उघडावी तर गज सैल.

(उद्या: विजेचं बिल, थंकमणीच्या घोट्याचं तेल.)

१७ जुलै

संध्याकाळी ठेवताना तार उतरली होती, मला नीट जुळवता येत नाही म्हणून तशीच ठेवली. आज दुपारी उघडली तर चारही तारा जुळलेल्या. गजाला घासायच्या राळेचा खडाही कमी झालाय. मी वाजवतो त्या मानानं फारच.

मी वाचनालयात असताना कुणीतरी माझ्या व्हायोलिनला हात लावतंय.

थंकमणीला विचारलं, "सकाळी घरी कोण येतं?"

"मासेवाला येतो. तुम्हाला मासे नको झालेत का?"

प्रश्नाला प्रश्नानं उत्तर. विनातिकीट माणूस असाच बोलतो.

२० जुलै

पेटीच्या कडीला काळा दोरा बांधून गेलो. परत आलो तर दोरा जागच्या जागी. पण गाठ माझी नव्हती, माझ्यापेक्षा चांगली होती.

२८ जुलै

आज उगाच एक जुनी गोष्ट आठवली, लिहून ठेवतो. लग्नानंतर थंकमणी नांदायला आली तेव्हा ट्रंकेबरोबर एक लांबट पेटीही होती. घर दोन खोल्यांचं. माझी अम्मा म्हणाली, "सून आणलीस की सुतार? हिच्या करवतीनं माझं डोकं दुखतं." मीही म्हटलं, या घरात एक अम्माचा आवाज पुरे आहे. दुसऱ्याच आठवड्यात पेटी तिच्या भावाकडे लक्किडीला परत पाठवली, माझ्याच गाडीतून. गंमत म्हणून लगेजचं तिकीट फाडलं आणि तिच्या हातात दिलं. म्हटलं, "नियम म्हणजे नियम. तिकीट नसेल तर सामानावर हक्क सांगता येत नाही." सगळी गाडी हसली होती. तीही हसली असावी, मी पुढच्या थांब्याचे पैसे घेत होतो.

भावानं पुढं ती पेटी कुणाला तरी विकली. मजेचे दिवस होते.

५ ऑगस्ट

माष गाण्याचे स्वर कागदावर लिहून देतात. आज त्यांनी दुसराच कागद दिला, नव्या गाण्याचा. स्वर इतके दाट की मुंग्यांची रांग वाटावी. म्हटलं, "माष, मला पहिलंच येत नाही."

"तू घरी नेऊन ठेव. वाजवायच्या स्टँडवर उघडा ठेव, पेटीत कोंबू नको."

"कशाला?"

"कागदाला वारा लागला पाहिजे," म्हणाले आणि तपकीर ओढली.

११ ऑगस्ट

कागद माषांना दाखवायला नेला. त्यावर बारीक पेन्सिलीनं तीन ठिकाणी फुल्या आणि एका ठिकाणी प्रश्नचिन्ह. मी पेन्सिल वापरत नाही. माषांनी चष्मा वर केला, प्रश्नचिन्हाजवळ दोन स्वर लिहिले, आणि स्वतःशीच, पण मला ऐकू जाईल असं बोलले, "हं. बरोबर अडली."

अडली? मी विचारलं, कोण अडली? "तार," म्हणाले.

घरी येऊन तासभर त्या कागदाशी बसलो. स रि ग म ही अक्षरं आहेत, अक्षरांनी काहीही लिहिता येतं. उलटं वाचलं, एक सोडून एक वाचलं. कुठं 'मग' निघालं, कुठं 'नीरस'. अर्थ लागला नाही, पण एवढं समजलं की हा पत्रव्यवहार आहे आणि पोस्टमन मी आहे.

२९ ऑगस्ट

काल ओणम झाला. केळीच्या पानावर जेवायला बसलो, पण जेवणापेक्षा रागच जास्त गिळला. कारण सांगतो. पायसम वाढताना थंकमणी गुणगुणत होती. तेच होडीचं गाणं. दुसऱ्या ओळीत 'दिवा' शब्दावर माष एक हिसका देतात, खालून वर. सिनेमाच्या गाण्यात तो नाही, मी शंभरदा ऐकलंय. माष म्हणतात, हा हिसका माझा आहे, माझ्याकडे शिकलेल्याखेरीज कुणाला ठाऊक नाही. माझ्या बोटांतून तो अजून एकदाही निघालेला नाही.

थंकमणीच्या गळ्यातून निघाला.

म्हटलं, "हे कुठं शिकलीस?"

ती म्हणाली, "भात आणखी वाढू?"

४ सप्टेंबर

बीपात्तुम्मा कुंपणावर आली. "कंडक्टरा, खरं सांगू का, तुझं सकाळचं वाजवणं ऐकून माझ्या कोंबड्या अंडी घालतात. संध्याकाळचं ऐकून खुडूक बसलेलीसुद्धा उठून जाते. सकाळी तुला कुठलं भूत धरतं?"

"सकाळी किती वाजता?"

"अकरा. रोज. मी चहा तेव्हाच ठेवते."

अकराला मी वाचनालयात असतो. म्हणजे माझ्या घरात, माझ्या पाठीमागं, रोज अकराला एक व्हायोलिनवाला येतो. या गावात सुरात वाजवणारे आहेत किती? एकच, माष. तेही मूळचे लक्किडीचे, हे आज वाचनालयात सहज विचारून घेतलं.

१२ सप्टेंबर

पुरावा मिळाला. व्हायोलिनच्या डोक्यावर, त्या वळशात, तेलाचा पिवळट डाग. मी उभ्यानं वाजवतो, डोकं हवेत असतं, तिथं तेल लागायचं कारण नाही. वास घेतला, वैद्यशाळेचं तेल. बसून वाजवणाऱ्याच्या पावलाचं. माषांच्या ओसरीवर असाच वास येतो. दोनदा जाऊन खात्री करून आलो.

थंकमणी दारात बसून घोटा चोळत होती, म्हणाली, "चेहरा का उतरलाय? चहा टाकू का?" इतकं गोड बोलली की मला रडू येईल असं वाटलं.

३० सप्टेंबर

अठरा दिवस लिहिलं नाही. लिहायला लाज वाटत होती.

व्हायोलिन विकून टाकतो म्हणालो, तर तिचा चेहरा पांढरा पडला. "नका विकू," म्हणाली. "हळूहळू येईल तुम्हाला. मी काही म्हणते का? वाजवा ना कितीही वाईट." मग जरा थांबून, "घरातून पुन्हा बाहेर नको जायला ते."

व्हायोलिन गेलं की माषांचं येणं-जाणं संपेल, म्हणून ही धडपड. दुसरं काय असणार?

इथं खरं ते लिहितो. मला रागापेक्षा भीती जास्त वाटते. चौतीस वर्षं मी पहाटे चारला निघालो आणि रात्री नऊला आलो. गाडीतल्या साठ माणसांची तोंडं मला पाठ होती. ही काय करत होती दिवसभर, मला माहीत नाही. ती निघून गेली तर तिला अडवायला माझ्याकडे कुठला शब्द आहे, तेही सुचत नाही.

६ ऑक्टोबर

आज धाड घातली. वाचनालयाला म्हणून निघालो आणि बरोबर अकराला माषांच्या घरी. खाट रिकामी असणार, मग सरळ घरी जाऊन दोघांना समोरासमोर धरायचं.

माष खाटेवर होते. भाची त्यांना पेज भरवत होती.

"आज वार चुकलास," माष म्हणाले.

"तुम्ही घरी कसे?"

भाची हसली. "मामा आणखी कुठं असणार? पडले तेव्हापासून दोन वर्षं ही पायरी उतरले नाहीत. मी धरल्याशिवाय उभं राहता येत नाही त्यांना."

चार महिने मी या माणसावर नजर ठेवून आहे, आणि त्यांना उभं राहिलेलं कधी पाहिलं नाही हे माझ्या आज ध्यानात आलं. पायरीवर बसलो. तोंडातून सगळं निघालं: दोरा, राळ, फुल्या, तेल. सगळं, अगदी घाणेरडा संशयसुद्धा. भाची आत निघून गेली. माष रागावतील वाटलं. त्यांनी पेजेचा वाडगा बाजूला ठेवला आणि पोट धरून हसले. हसून झाल्यावर डोळे पुसले, ते बराच वेळ पुसत राहिले.

"मग अकराला कोण वाजवतं?" मी विचारलं.

"मी नाही सांगणार. कागद नेतोस, कागद आणतोस, एवढं तुझं तू शोध. पायाचं तेल म्हणतोस ना? या गावात पन्नाशीच्या पुढं प्रत्येक पायाला तेल आहे. पण वैद्य प्रत्येकाला एकच तेल देत नाही. चांगलं हुंगून बघ."

निघताना हाक मारून म्हणाले, "आणि तिला सांग, तिसरी तार बदलायला झाली. कागदावर लिहायची राहिली."

तिला. म्हणजे बाई आहे. बीपात्तुम्मा?

९ ऑक्टोबर

थंकमणीच्या तेलाची बाटली संपली होती. वाचनालयातून लवकर उठून वैद्यशाळेत गेलो. बारा वर्षं दर महिन्याला मीच आणतो. तिचा उजवा घोटा एकदा मुरगळला होता, तेव्हापासून. बाटली गळत होती, म्हणून बूच काढून पाहिलं.

वास आला. व्हायोलिनच्या डोक्याचा वास.

बारा वर्षं जी बाटली मी स्वतः वाहिली तिचा वास मला ओळखता आला नाही. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात, तो हा.

घरी पुढच्या दारानं गेलो नाही. मागच्या गल्लीनं गेलो आणि धुण्याच्या दगडावर बसलो. अकरा वाजून गेले होते. आत ते होडीचं गाणं चाललं होतं. 'दिवा' शब्दावर तो हिसका आला, खालून वर, अगदी सहज, दारातून पाहुणा आत यावा तसा. एका जागी ती चुकली, थांबली, मागून पुन्हा घेतलं. पुन्हा चुकली. "अय्यो," म्हणाली स्वतःशीच, आणि हसली. हे हसणं मी कधी ऐकलं नव्हतं.

ती लांबट पेटी. करवत.

मी आत गेलो नाही. साडेबारापर्यंत तिथंच बसलो, मग पुढच्या दारी जाऊन मोठ्यानं खोकलो.

१५ ऑक्टोबर

रोज पावणेदहालाच घराबाहेर पडतो. तिसरी तार आणून पेटीत ठेवली, काही न बोलता. दुसऱ्या दिवशी ती चढवलेली होती.

संशय गेला म्हणावं तर गेला नाही. त्यानं नुसती सीट बदलली. पूर्वी तिच्याकडे बघायचा, आता माझ्याकडे बघतो. तिनं मला का सांगितलं नाही? मी विचारलं तर ती काय सांगेल, याचीच धास्ती आहे.

२० ऑक्टोबर

आज संध्याकाळी पूजेला ठेवायचं. नवरात्रातले हे शेवटचे दिवस पुस्तकाला, वाद्याला कुणी हात लावायचा नाही, विजयादशमीला सकाळी उचलायचं आणि नव्यानं सुरुवात करायची. देवापुढं पाटावर व्हायोलिन ठेवलं. थंकमणीनं तिची ती लाल फडक्यात बांधलेली पोथी ठेवली, दरवर्षी ठेवते तशी. म्हणाली, "तुमची वही?"

"कसली वही?"

"लिहिता ना काहीतरी."

हीही तिला माहीत आहे. एवढी ओळ झाली की देतो. तीन दिवस वाचायला बंदी आहे, तेवढाच दिलासा.

२३ ऑक्टोबर

सकाळी दिवा लावला. ताटात तांदूळ पसरून दोघांनी बोटानं अक्षरं काढली. मग मी व्हायोलिन उचललं, आणि खालची पोथी फडक्यासकट घसरून पडली. फडकं सुटलं.

पोथी नव्हती. शाळेची चौकोनी वही, पानं पिवळी. पहिल्या पानावर कोवळ्या अक्षरात 'थंकमणी, लक्किडी', खाली माषांची सही. आत सगळे स्वर, पानंच्या पानं, बारीक पेन्सिलीच्या फुल्या. तेहेतीस विजयादशम्या ही वही माझ्यासमोर पूजेला ठेवली जात होती. आख्ख्या जिल्ह्याची तिकिटं तपासली मी, ही एक वही उघडून पाहिली नाही.

मधल्या पानात खूण म्हणून कागदाचा एक तुकडा होता. लगेजचं तिकीट. कोपरा नखानं फाडलेला, मी फाडायचो तसा. मागं माझ्याच अक्षरात, 'थंकमणीची पेटी, एक नग.'

तिकीट उलटसुलट करून पाहिलं. मग म्हटलं, "मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं तर म्हणाला असता, वाजवून दाखव. मी वाजवलं असतं. मग तुम्ही परत कधी हात लावला नसता, आणि महिन्याभरात हे कुणाला तरी विकलं असतं. तुम्हाला मी ओळखत नाही का?"

ते खरं होतं.

"आणि नऊ तारखेला धुण्याच्या दगडावर बसला होतात ना? नेसलेला मुंडू मागून चिंब ओला होता. मी म्हटलं, बघू किती दिवस खोकतात."

"थंकमणी, माझं चुकलं," मी म्हणालो. हे वाक्य या घरात मी पहिल्यांदा बोललो, म्हणून लिहून ठेवतो. "पण हे तिकीट कशाला ठेवलंस? फाडून टाकायचं होतंस. चुलीत घालायचं होतंस."

ती पाय आवरून खाली बसली. उजवं पाऊल पुढं घेतलं, पदरानं घोट्यावरचं तेल पुसलं.

"तुम्हीच म्हणाला होतात ना एट्टा, तिकीट नसेल तर सामानावर हक्क सांगता येत नाही?" असं म्हणून तिनं दोन्ही हात पुढं केले.

मी व्हायोलिन तिच्या हातात दिलं. ती वाजवायला लागली तेव्हा आठ वाजले होते. कुंपणावरून बीपात्तुम्मा ओरडली, "कंडक्टरा, आज सकाळी एवढ्या लवकर?"

मी बाहेर जाऊन तिला सांगितलं, "मी नाही उम्मा. थंकमणी वाजवतेय. आधीपासून तीच वाजवते."